रोजा नसलेल्या घरातला रमजान

पहाटे सहेरीची हाक फिरते आणि मोहल्ल्यातले दिवे एकेक करून लागतात. त्यातला एक दिवा अशा घरात लागतो, जिथे रोजा धरणारे कोणीच नसते. सत्तरी ओलांडलेली खाला तिथे एकटी राहते. मधुमेहामुळे डॉक्टरांनी रोजा मना केला आहे, तरी ती उठते. पूर्वी साऱ्या घराला तीच उठवायची. आता उठवायला कोणी नाही. अशी एखादी खाला प्रत्येक मोहल्ल्यात असते.

कुरआनच्या सूरह बकरातील १८४व्या आयतीत आजारी माणसाला आणि प्रवाशाला रोज्याची सवलत आहे. सुटलेले रोजे त्यांनी नंतर धरायचे. म्हातारपणामुळे किंवा कायमच्या आजारामुळे ज्यांना पुढेही ते शक्य नाही, त्यांनी प्रत्येक रोज्यामागे एका गरजूला जेवण द्यायचे. याला ‘फिदिया’ म्हणतात. म्हणजे धर्माने खालाला रमजानबाहेर काढलेले नाही.

बाहेर काढतो तो आपला रिवाज. इफ्तारचे बोलावणे रोजेदाराला जाते. पुरुष मशिदीत रोजा सोडतात, रात्री तरावीहच्या नमाजला जातात. लेकीसुना चुलीपुढे अडकलेल्या असतात. खालाकडे खजूर, भजी, कलिंगडाच्या फोडी पोहोचतात, नाही असे नाही. पण ताटली आणणारा मुलगा दारातूनच पळतो. अजानला दोन मिनिटे उरलेली असतात.

शेजारची ताटली रिकामी परत करू नये, ही रीत आपल्याकडे हिंदू-मुस्लिम दोन्ही घरांत आहे. श्रावणबाळ योजनेच्या पैशांत महिना काढणारी खालाही ताटली धुऊन त्यात मूठभर शेंगदाणे घालून ठेवते. ताटली न्यायला आलेल्याने दोन घटका बसावे, एवढीच तिची अपेक्षा असते.

कुरआनने शेजाऱ्याचा हक्क सांगताना जवळच्याबरोबर परक्या शेजाऱ्याचेही नाव घेतले आहे. त्यात धर्माची अट नाही. इफ्तारच्या घाईत मोहल्ल्यातल्या कोणाला सवड नसते; पलीकडच्या गल्लीतल्या काकूंना मात्र त्या वेळी सवड असू शकते. त्यांनी जाऊन बसायला रोजा लागत नाही. जाताना काही नेले नाही तरी चालेल. शीरखुर्म्याला दूध किती आटवायचे, एवढे विचारावे. खाला तासभर बोलेल.