जेवणापुरता एक गुल्डन : रशियन कथा-कादंबऱ्यांतला जुगारी

दस्तयेव्हस्कीच्या ‘जुगारी’ या कादंबरीच्या शेवटी अलेक्सेई इवानोविच सगळे हरून कॅसिनोबाहेर पडतो. जाकिटाच्या खिशात एक गुल्डन हाताला लागतो. आजच्या जेवणाची सोय झाली! शंभरेक पावले चालतो आणि मागे फिरतो. वीस मिनिटांनी त्याच्याकडे १७० गुल्डन असतात. ही आठवण तो जिवापाड जपतो. परक्या मुलखात, उपाशीपोटी, शेवटचे नाणे आपण लावू शकलो, हा त्याच्या लेखी स्वतःच्या हिमतीचा पुरावा असतो. चकतीवरची गोळी कुठेही थांबू शकली असती, हे त्याच्या मनातही येत नाही.

लोभ माणसाला जुगाराकडे नेतो, अशी आपली सर्वसाधारण समजूत. रशियन लेखक त्यापुढे गेले. जुगारी अडकतो तो ‘आपल्याला जमेल’ या खात्रीत, हे त्यांनी ओळखले.

पुश्किनच्या ‘इस्पिकची राणी’ (१८३४) या कथेतला हर्मन तर कमालीचा हिशेबी. इतरांचा डाव पहाटेपर्यंत बघत बसेल, पण स्वतः पत्त्याला शिवणार नाही. खेळ असा, की एकाने पत्ता निवडायचा आणि बँकरने उजवीकडे-डावीकडे पाने टाकत जायचे. कसबाला वावच नाही. मग गुपित असलेच पाहिजे, असे हर्मनला वाटू लागते. ते काढून घेण्यासाठी, ज्या वृद्ध काउंटेसला ते ठाऊक असल्याचे बोलले जाते तिच्यावर तो पिस्तूल रोखतो आणि ती भीतीनेच मरते. पुढे तिचे भूत येऊन त्याला पत्ते सांगते : तिर्री, सत्ती, एक्का. ४७,००० रूबल लावून तो दोन रात्री जिंकतो. तिसऱ्या रात्री एक्का समजून उलटलेले पान राणीचे निघते. हर्मनची अखेर वेड्यांच्या इस्पितळात होते.

तोलस्तोयच्या ‘युद्ध आणि शांती’मधला निकोलाय रोस्तोव दोलोखोवकडे ४३,००० रूबल हरतो, तो आकडा प्रतिस्पर्ध्याने आधीच ठरवलेला असतो : स्वतःचे आणि आपल्याला नाकारणाऱ्या सोन्या या तरुणीचे वय मिळून ४३. निकोलाय मात्र पुढच्या पानाने सगळे भरून निघेल म्हणून बसून राहतो.

मानसशास्त्रज्ञ एलन लँगर यांनी १९७५ साली या प्रवृत्तीला ‘नियंत्रणाचा भास’ असे नाव दिले. दस्तयेव्हस्कीच्या १८६३च्या पत्रांत तो भास लख्ख दिसतो. डोके थंड ठेवले की जिंकता येते, हेच रूलेटचे गुपित, असे तो मनापासून लिहितो. खरे तर एका शून्याच्या रूलेटवर घरे ३७, आणि एका आकड्यावर फायदा ३५ पट. कितीही थंड डोक्याने खेळले तरी सरासरीने शंभरामागे पावणेतीन जवळपास कॅसिनोच्याच खिशात जातात.

‘जुगारी’तली पंचाहत्तर वर्षांची आजी या भासापासून सर्वस्व गमावण्यापर्यंतचा प्रवास दोन दिवसांत करते. मॉस्कोहून येते, हट्टाने शून्यावर पैसे लावते आणि शून्य लागते. माझ्या मते तिचा घात त्या पहिल्या जिंकण्यानेच केला. पुढे ती हरू लागते तेव्हा तिला कोणीही आवरू शकत नाही.

‘जुगारी’ लिहून झाली ती प्रकाशकाच्या जाचक करारापायी. १ नोव्हेंबर १८६६पर्यंत नवी कादंबरी दिली नसती, तर नऊ वर्षांचे हक्क फुकट गेले असते. आन्ना स्नितकिना या लघुलेखिकेला सांगत दस्तयेव्हस्कीने ती २६ दिवसांत पुरी केली. पुढल्या फेब्रुवारीत त्यांचे लग्न झाले आणि त्याच उन्हाळ्यात बाडेन-बाडेनला त्याने आन्नाचे डूल आणि ब्रोच गहाण टाकले. लग्नात तिला दिलेली भेट होती ती. जुगाऱ्याचे मन त्याच्याइतके कोणी उलगडले नव्हते, तरी ते ज्ञान त्याच्या कामी आले नाही.

फ्रॉइडने १९२८च्या निबंधात त्याच्या या वेडाचे मूळ अपराधभावात शोधले : हरणे म्हणजे स्वतःला दिलेली शिक्षा. सर्वस्व गेल्यावर नवरा जोमाने लिहायला बसतो, असे आन्नाचेही निरीक्षण होते. फ्रॉइडचे म्हणणे दस्तयेव्हस्कीला लागू पडेलही, पण आजीला किंवा हर्मनला पडत नाही.

एप्रिल १८७१मध्ये वीसबाडेनला हरल्यावर दस्तयेव्हस्कीने आन्नाला लिहिले, की हे आता संपले. असा शब्द त्याने पूर्वीही दिला होता, या वेळी मात्र पाळला. जर्मनीतली रूलेटगृहे कायद्याने बंद झाली ती १८७२च्या अखेरीस, म्हणजे त्याने खेळ सोडल्यानंतर दीड वर्षाहून अधिक काळाने.