खापराची जबानी

लगोरीसाठी आम्ही पोरं खापऱ्या वेचायचो त्या गावाबाहेरच्या पांढरीवरून. गोदाकाठचं गाव आमचं. नदीच्या वळणावर पांढऱ्या मातीचं एक टेकाड होतं आणि पावसाळा संपला की त्याच्या अंगातून खापरं वर यायची. चपट्या खापऱ्या लगोरीला उत्तम. जाड, काळपट असतील त्या फेकून द्यायच्या. एकदा मला एक नारिंगी तुकडा मिळाला. त्यावर काळ्या रंगाच्या तिरप्या रेघा आखलेल्या होत्या. तो मी खेळात लावला नाही, दप्तरात ठेवला. दादीला दाखवला तर ती म्हणाली, "कुठल्या तरी फुटक्या मडक्याचं खापर घरात आणू नये, बेटा." तरी तो राहिला माझ्याजवळ.

पुढं बी. ए. झालो, कविता लिहू लागलो. पुरातत्त्व काही शिकलो नाही. पण पुण्याला एकदा डेक्कन कॉलेजच्या संग्रहालयात गेलो आणि कपाटापाशी थबकलो. नारिंगी अंगाचं, वर काळी नक्षी असलेलं, बाजूला लांब तोटी असलेलं एक भांडं होतं. आमच्या घरी वजूसाठी तांब्याचा बधना असायचा, त्याची तोटी अशीच. या दोन भांड्यांत नातं आहे असं मी म्हणत नाही, मधे तीन हजार वर्षं आहेत. पण पाणी बेताचं असेल, ते जपून एका धारेनं पाडायचं असेल, तर कुंभाराला तोटी सुचते, एवढं खरं.

ते जोर्वे पद्धतीचं भांडं होतं. जोर्वे हे संगमनेर तालुक्यातलं प्रवरेकाठचं गाव. १९५०-५१ मध्ये ह. धी. सांकळिया आणि शां. भा. देव यांनी तिथं उत्खनन केलं आणि महाराष्ट्रातल्या आद्य शेतकऱ्यांच्या भांड्यांना त्या गावाचं नाव मिळालं. नंतर शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगावला १९६८ ते १९८३ अशी वर्षानुवर्षं खुदाई चालली. म. के. ढवळीकर, सांकळिया आणि झेड. डी. अन्सारी यांचा तिचा मोठा अहवाल १९८८ साली प्रसिद्ध झाला.

उत्खननाच्या जागी एक अंगण असतं. जमिनीवर चौकोन आखलेले असतात, एकेका थराचं खापर एकेका चौकोनात. आधी ते ब्रशनं धुतात, वाळवतात, मग शाईनं प्रत्येकावर खूण घालतात : कुठला खड्डा, कुठला थर. सोनं सापडलं तर वर्तमानपत्रात बातमी येते, पण पुरातत्त्वज्ञाचा दिवस जातो या अंगणात. कारण सोनं वितळवून पुन्हा घडवतात, लाकूड कुजतं, कापड विरतं. भाजलेली माती मात्र पुन्हा माती होत नाही. शिवाय मडकं फुटतंच, आणि फुटलं की लोक ते तिथंच मागच्या अंगणात टाकून देतात. म्हणून ज्या काळाचं ज्या ठिकाणचं खापर, ते बहुधा तिथंच सापडतं.

आता हे खापर बोलतं कसं? आतल्या बाजूनं बारीक समांतर रेघा गेलेल्या दिसल्या तर ते चाकावर काढलेलं. बाहेरून चपटे ठोके आणि आतून खोलगट खळगे असतील तर ओल्या मडक्याच्या पोटात दगडी गुंडा धरून वरून लाकडी थापीनं ठोकलेलं. तुकड्याची कड पाहा : बाहेर लाल आणि मधोमध काळी पट्टी असेल तर आच आतपर्यंत पुरेशी पोचली नाही. भट्टीत हवा खेळती ठेवली की भांडं लाल होतं, धूर कोंडला की काळं. काठाचा तीन बोटं रुंदीचा तुकडा पुरतो. वर्तुळं आखलेल्या कागदावर तो ठेवायचा, ज्या वर्तुळाशी त्याची गोलाई जुळेल तेवढं त्या भांड्याचं तोंड. आणि तुकड्याची कागदाहून पातळ चकती घासून सूक्ष्मदर्शकाखाली धरली की मातीत मिसळलेली वाळू कुठल्या खडकाची, ते कळतं. आमच्या गावचे कुंभार मातीत राख आणि घोड्याची लीद कालवत. कशात काय कालवलं, ही घराण्याची विद्या असे. तीही खापरात उरते.

पण यंत्रावर सगळं भागत नाही, जिवंत कुंभाराच्या शेजारी बसावं लागतं. फ्रेंच संशोधक व्हॅलेंटिन रू यांनी दिल्लीतल्या उत्तमनगरच्या कुंभारांचा अभ्यास केला. चाकावर लहान भांडं काढणं लवकर जमतं, पण मोठं, सारख्या जाडीचं भांडं काढायला हात तयार व्हायला दहाएक वर्षं लागतात, असं त्यांना दिसलं. ज्या गावात अशी भांडी सापडतात तिथं कोणीतरी इतर कामं सोडून आयुष्याचा हा काळ चाकाला दिलेला असणार, आणि त्याला कोणीतरी धान्य पुरवलेलं असणार. इनामगावला कुंभाराची भट्टी मिळाली. कारागिरांची घरं वस्तीच्या पश्चिम कडेला होती, असं ढवळीकरांनी दाखवलं. माझ्या लहानपणीही कुंभारवाडा गावाच्या कडेलाच होता. धूर गावावर येऊ नये म्हणून, असं सांगत. तेवढंच कारण असेल का, कोण जाणे.

जोर्वे भांडी टणक, टिचकी मारली तर धातूसारखी वाजणारी. इसवी सनापूर्वी १००० च्या सुमाराला त्यांची रया जाते. भांडी ओबडधोबड होतात, नक्षी विरळ होते. त्याच थरांत मोठी चौकोनी घरं जाऊन लहान गोल झोपड्या येतात. पाऊस कमी झाला आणि माणसं दरिद्री झाली, असा ढवळीकरांचा निष्कर्ष. दुष्काळाची नोंद मडक्यात सापडते, ही गोष्ट मराठवाड्यात वाढलेल्या माणसाला समजावून सांगावी लागत नाही.

आणखी एक गोष्ट तिथं पाहून मी बाहेर येऊन बसलो होतो. लहान मूल गेलं की ही माणसं दोन मोठी मडकी तोंडाला तोंड लावून आडवी ठेवत, त्यांत त्याला निजवत आणि घरातल्याच जमिनीखाली पुरत. ही मडकी बहुतेक करड्या रंगाची, हातानं घडवलेली. घडवणारानं ती करताना काय मनात आणलं असेल, हे खापर सांगत नाही.

व्यापाराचं काय? आमच्या घरी कुंभार रांजण देऊन जाई आणि सुगीला पायलीनं ज्वारी नेई. त्या देवघेवीतली ज्वारी खाऊन संपली, रांजणाचं खापर उरलं. पुरातत्त्वज्ञाला नेहमी असा अर्धाच व्यवहार दिसतो. म्हणून परक्या मातीचं खापर मिळालं की तो हरखतो. १९४४ मध्ये मॉर्टिमर व्हीलर यांना मद्रासच्या संग्रहालयात एका लांब भूमध्यसागरी कुंभाचा तुकडा दिसला. तो पुदुच्चेरीजवळच्या अरिकमेडूचा होता. १९४५ मध्ये त्यांनी तिथं खणलं आणि इटलीतल्या अरेझ्झोची लाल, चकचकीत, कारागिराच्या नावाचे शिक्के असलेली खापरं मिळाली. त्यांचा काळ युरोपात ठाऊक होता. त्यामुळं त्याच थरातल्या भारतीय भांड्यांनाही तारीख मिळाली.

त्यांत तळाशी बारीक खाचांची वर्तुळं असलेल्या थाळ्या होत्या. ही तऱ्हा भूमध्य समुद्राकडून आली, असं व्हीलर यांना वाटलं. पुढं डेक्कन कॉलेजच्या विश्वास गोगटे यांनी क्ष-किरणांनी त्यांतली खनिजं तपासली आणि १९९७ मध्ये लिहिलं, की ही माती बंगालमधल्या चंद्रकेतुगड-तामलुक भागाची आहे. नेमक्या जागेबद्दल वाद आहेत, पण या थाळ्या इंडोनेशियातल्या बाली बेटापर्यंत गेल्या हे नक्की. उलट दिशेनं, इजिप्तच्या तांबड्या समुद्रावरच्या बेरेनिके बंदरात, एका देवळाच्या जमिनीत पुरलेला भारतीय रांजण मिळाला. त्यात साडेसात किलो काळी मिरी होती, पहिल्या शतकातली. इथं मात्र खापराबरोबर मालही हाती लागला!

चुकाही होतात. भारतात मिळालेली अनेक खापरं बरीच वर्षं रोमन मद्यकुंभांची म्हणून मोजली गेली. २००७ मध्ये रोबर्टा टोंबर यांनी ती पुन्हा पाहिली तेव्हा त्यांतली पुष्कळ इराक-इराणकडच्या निमुळत्या, आतून डांबर फासलेल्या कुंभांची निघाली. डांबराच्या रासायनिक खुणेवरून ते कुठल्या झऱ्याचं, तेही शोधता येतं. म्हणजे पश्चिमेचा सगळा माल रोमचा, हा आपला समज होता. आखाताकडचं खलाशी जग आपण मोजणीत धरलंच नव्हतं.

माझा तो नारिंगी तुकडा मी एकदा एका जाणकार संशोधकांना दाखवला. त्यांनी तो नखानं वाजवून पाहिला, कड भिंगाखाली धरली. "जोर्वेच," म्हणाले. मग विचारलं, "किती खोलीवरचा? सोबत काय होतं?" मला उत्तर देता आलं नाही. त्यांनी तुकडा शांतपणे माझ्या हातात परत दिला.

गेल्या उन्हाळ्यात गावी गेलो होतो. पांढरीची माती शेताला चांगली म्हणून लोक पूर्वी बैलगाडीनं नेत, आता जेसीबी येतो. अर्धं टेकाड गेलंय. कापलेल्या उभ्या कडेत राखेचा पट्टा, चुलीची जळकी माती आणि खापरं थरावर थर दिसत होती. मी एकही उचललं नाही. फक्त ती नारिंगी खापरं जमिनीपासून किती खाली आहेत, ते टेप लावून वहीत लिहिलं आणि मुंबईच्या गाडीची वेळ झाली म्हणून निघालो.