बिनइनामी कुस्तीचे मोल

कुस्ती म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर जत्रेचे मैदान उभे राहते. हलगीचा कडकडाट, तांबडी माती, फेटे बांधलेले पंच आणि पोरांच्या रेवड्यांवरच्या कुस्तीपासून शेवटच्या मोठ्या जोडीपर्यंत चढत जाणारे इनाम, हे सारे आपल्या परिचयाचे आहे. आज ज्या मल्लांविषयी मी बोलणार आहे, त्यांच्या कुस्तीला मात्र असे इनाम नव्हते. त्यांना हौशी मल्ल म्हणतात. हा शब्द थोडा फसवा आहे. हौशी म्हटले की आपल्याला फावल्या वेळी नाटक करणारी मंडळी आठवतात. कुस्तीच्या जगात त्याचा अर्थ इतकाच की, आखाड्यात उतरण्याबद्दल हा मनुष्य पैसा घेत नाही. परिश्रमाच्या बाबतीत म्हणाल, तर तो धंदेवाईक पैलवानाहून तसूभरही मागे नसतो.

येथे एक साधा प्रश्न उपस्थित होतो. पैलवानकी ही महागडी विद्या आहे. खुराक हवा, वस्ताद हवा, दिवसाचे कित्येक तास तालमीसाठी मोकळे हवेत आणि स्पर्धा परदेशी असली तर प्रवासखर्चही हवा. इनाम नाही म्हणजे खर्च नाही असे थोडेच आहे? मग हे मोल कोणी मोजले? जगातील काही नामांकित मल्लांची चरित्रे या एका प्रश्नाच्या उजेडात पाहावी, असा माझा विचार आहे.

प्रथम या कुस्तीचे स्वरूप थोडक्यात सांगतो. ऑलिंपिक सामन्यांत कुस्तीचे दोन प्रकार आहेत. ग्रीको-रोमन प्रकारात कमरेखाली पकड घालता येत नाही, की पाय लावून डाव करता येत नाही. मुक्त प्रकारात सर्वांगाचा उपयोग करता येतो. आपल्या मातीतील कुस्तीला हा प्रकार अधिक जवळचा. दोहोंतही प्रतिस्पर्ध्याचे दोन्ही खांदे गादीला टेकविले की कुस्ती निकाली झाली. तसे न घडल्यास गुणांवर निर्णय होतो. मल्लांच्या जोडी वजनावरून लावतात. १८९६ साली अथेन्सला पहिले आधुनिक ऑलिंपिक भरले, तेव्हा ही व्यवस्था नव्हती. मूळचा कसरतपटू असलेला जर्मनीचा कार्ल शूमान, अंगाने लहानखुरा असूनही, तेथे अजिंक्य ठरला. त्याची अंतिम कुस्ती अंधार पडल्यामुळे थांबवून दुसऱ्या दिवशी पुरी करावी लागली.

पहिले मोल शरीराचे. १९१२ साली स्टॉकहोम येथे ग्रीको-रोमन प्रकाराच्या मधल्या वजनगटात एस्टोनियाचा मार्टिन क्लाइन आणि फिनलंडचा आल्फ्रेड आसिकाइनेन यांची उपान्त्य कुस्ती लागली. एस्टोनिया तेव्हा रशियन साम्राज्यात असल्याने क्लाइन रशियाच्या बाजूने लढत होता. उघड्यावर, उन्हात, मधूनमधून थोडी विश्रांती घेत ही कुस्ती तब्बल ११ तास ४० मिनिटे चालली. अखेर क्लाइन जिंकला. परंतु त्याचे अंग इतके शिणले होते की, सुवर्णपदकाच्या कुस्तीसाठी तो उभाच राहू शकला नाही. स्वीडनच्या क्लेस योहान्सनला ते पदक मिळाले आणि क्लाइन रौप्यपदकाचा धनी झाला. त्याच सामन्यांत दुसऱ्या एका वजनगटाची अंतिम कुस्ती ९ तास चालूनही सुटेना, म्हणून दोघांनाही रौप्यपदक देऊन सुवर्णपदक कोणालाच दिले गेले नाही. पुढे कुस्तीला कालमर्यादा आली तिचे कारण अशा प्रसंगांत सापडते.

शरीराचे मोल आणखीही एका रीतीने मोजले जाते. स्वीडनचा इव्हार योहान्सन हा पोलीस खात्यातील मनुष्य. १९३२ साली लॉस एंजेलिस येथे मुक्त कुस्तीच्या मधल्या गटात त्याने सुवर्णपदक जिंकले आणि लगेच त्याखालच्या वजनगटात ग्रीको-रोमन कुस्ती खेळण्याचा त्याचा बेत होता. त्यासाठी त्याने उपवास केला, बाष्पस्नानगृहात बसून घाम गाळला, सुमारे पाच किलो वजन उतरविले आणि दुसरेही सुवर्णपदक पटकाविले! १९३६ साली बर्लिन येथे त्याने तिसरे मिळविले. मात्र वजन झपाट्याने उतरविण्याची ही रीत मल्लांना अद्यापि छळते. १९९७ साली अमेरिकेत तीन महाविद्यालयीन मल्ल याच खटपटीत प्राणास मुकले आणि त्यानंतर तेथील नियम कडक करण्यात आले.

दुसरे मोल घरादाराचे. त्याचा दाखला आपल्या सातारा जिल्ह्यातच आहे. कराडजवळच्या गोळेश्वर गावचे खाशाबा दादासाहेब जाधव यांचा जन्म १९२६ चा. १९४८ साली ते लंडनच्या ऑलिंपिकला गेले आणि सहावे आले. मातीत वाढलेल्या मल्लाला गादीची कुस्ती नवी होती. मातीत पाय रुततो आणि कुस्ती धिमेपणाने रंगते. गादीवर पाय सटासट फिरतो आणि क्षणाचा विलंब महागात पडतो. पुढल्या चार वर्षांत त्यांनी ही उणीव भरून काढली. परंतु १९५२ साली हेलसिंकीला जावयाचे तर पैसा कोठून आणावयाचा? गावकऱ्यांनी आणि स्नेह्यांनी वर्गणी जमविली. कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजचे प्राचार्य बॅरिस्टर खर्डेकर यांनी तर आपले राहते घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. शिष्याच्या कुस्तीसाठी गुरूने घर पणाला लावल्याची अशी उदाहरणे विरळाच.

हेलसिंकीला खाशाबांनी कॅनडा, मेक्सिको आणि जर्मनी येथील मल्लांवर मात केली. नंतर जपानच्या शोहाची इशीई याच्याशी दीर्घ झुंज होऊन ते हरले. त्या श्रमाचा घाम वाळण्यापूर्वीच त्यांना सोव्हिएत रशियाच्या रशीद ममदबेयोव्हपुढे उभे केले गेले आणि नियमाप्रमाणे विश्रांती मागून देणारा भारतीय अधिकारी तेथे हजर नव्हता, असे सांगतात. कांस्यपदक पदरात पडले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक होय. गावी शंभराहून अधिक बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. पुढे त्यांनी पोलीस खात्यात नोकरी केली आणि १९८४ साली अपघातात त्यांचा अंत झाला. अर्जुन पुरस्कार मिळाला तो मृत्यूनंतर कित्येक वर्षांनी! कुस्तीतील पुढचे ऑलिंपिक पदक सुशील कुमार याने आणले ते २००८ साली, म्हणजे ५६ वर्षांनी. गुरूने घर गहाण टाकावे तेव्हाच मल्ल परदेशी जाणार, अशी जेथे रीत असते, तेथे पदकांची वाट इतकी वर्षे पाहावी लागली तर नवल ते काय?

याच्या उलट चित्र बलाढ्य राष्ट्रांचे. सोव्हिएत रशियात मल्लाचा भार सरकारने उचलला. नावाला तो हौशी. पण त्याच्या चरितार्थाची आणि सरावाची काळजी सेना, शिक्षणसंस्था आणि क्रीडामंडळे वाहत असत. त्या व्यवस्थेतून अलेक्सांद्र मेदवेद निघाला. १९६४, १९६८ आणि १९७२ अशी लागोपाठ तीन ऑलिंपिक सुवर्णपदके त्याने तीन निरनिराळ्या वजनगटांत मिळविली आणि सात वेळा जगज्जेतेपद जिंकले. अमेरिकेत हाच भार विद्यापीठांनी वाहिला. आयोवाचा डॅन गेबल शालेय आणि महाविद्यालयीन मिळून १८१ कुस्त्या ओळीने जिंकला आणि १९७० साली विद्यार्थिदशेतील शेवटची कुस्ती लॅरी ओविंग्जकडून हरला. त्या पराभवाने खचून न जाता १९७२ साली म्युनिक येथे प्रतिस्पर्ध्यांना एकही गुण न देता त्याने सुवर्णपदक मिळविले. पुढे वस्ताद म्हणून आयोवा विद्यापीठाला त्याने पंधरा राष्ट्रीय अजिंक्यपदे मिळवून दिली. मल्लाच्या पाठीशी संस्था उभी असली म्हणजे एका पराभवाने त्याचा संसार उद्ध्वस्त होत नाही, हे येथे दिसून येते.

आता तिसरे मोल सांगतो, ते लौकिकाचे. इराणचा घोलामरेझा तख्ती हा तेहरानच्या गरीब वस्तीत वाढलेला. ज्या हेलसिंकीला खाशाबांनी कांस्यपदक घेतले, तेथेच त्याने वरच्या वजनगटात रौप्यपदक घेतले. १९५६ साली मेलबर्न येथे सुवर्ण आणि १९६० साली रोम येथे पुन्हा रौप्य मिळविले. इराणात आपल्या तालमींसारखी झूरखाने नावाची प्राचीन व्यायामस्थाने आहेत. पैलवानाने बळाबरोबर उदारपणाही अंगी बाणवावा, असा तेथला दंडक आहे. मेदवेदचा एक गुडघा दुखावलेला आहे हे कळताच तख्तीने त्या पायाला हात लावण्याचे टाळले, अशी गोष्ट इराणात घरोघर सांगतात. १९६२ साली बुइन झहरा भागात भीषण भूकंप झाला, तेव्हा हा जगज्जेता तेहरानच्या रस्त्यांतून फिरून आपद्ग्रस्तांसाठी मदत गोळा करीत होता. लोकांनी हात आखडता घेतला नाही. परंतु लोकांचे प्रेम राज्यकर्त्यांना नेहमीच रुचते असे नाही. मोसद्देघ यांच्या पक्षाकडे त्याचा ओढा होता आणि शहाच्या राजवटीत तो डोळ्यांत सलू लागला. जानेवारी १९६८ मध्ये तेहरानच्या एका हॉटेलात वयाच्या ३७ व्या वर्षी तो मृतावस्थेत आढळला. सरकारने आत्महत्या म्हटले. बहुसंख्य जनतेने त्यावर कधीच विश्वास ठेवला नाही.

या यादीत स्त्रियांची नावे उशिरा आली, कारण २००४ सालापर्यंत ऑलिंपिकची गादी त्यांना बंद होती. ती उघडताच जपानच्या काओरी इचोने २००४ ते २०१६ अशी लागोपाठ चार सुवर्णपदके जिंकून दाखविली. २०१६ साली रिओ येथे आपल्या साक्षी मलिकने कांस्यपदक मिळविले आणि मुलींना तालमीची दारे का बंद ठेवावी, हा प्रश्न पुष्कळ घरांतून विचारला जाऊ लागला.

हौशीपणाची जुनी अट ऑलिंपिकच्या नियमांतून आता गळून पडली आहे. क्युबाचा मिहाइन लोपेस याने २००८ पासून २०२४ पर्यंत एकाच क्रीडाप्रकारात लागोपाठ पाच वैयक्तिक सुवर्णपदके जिंकली. असा पराक्रम ऑलिंपिकच्या इतिहासात पूर्वी कोणीही केला नव्हता. शेवटची कुस्ती जिंकल्यावर पॅरिसच्या गादीवर त्याने आपले बूट काढून ठेवले. मल्ल निवृत्त होत असल्याची ती खूण आहे. बूट मागे ठेवून तो अनवाणी चालू लागला, तेव्हा प्रेक्षक उभे राहिले होते.

श्रोतेहो, पदकांची संख्या वर्तमानपत्रांत छापून येते. गहाण पडलेल्या घरांची येत नाही. आपल्या आळीतील एखादा मुलगा वा मुलगी पहाटे तालमीला जात असेल, तर तिच्या दुधाचा, प्रवासाचा, शाळेतील बुडालेल्या तासांचा भार आज कोण वाहत आहे, याची चौकशी अवश्य करावी. तो भार एकट्या आईबापांवर असेल, तर त्यातील थोडासा वाटा शाळेने, नगरपालिकेने आणि आपणही उचलावा. विजयानंतर बैलगाड्या जुंपण्यास आपण कधीच कमी पडलो नाही. त्यांपैकी काही गाड्या प्रस्थानाच्या वेळी जुंपता आल्या, तर दुसऱ्या एखाद्या गुरूवर घर गहाण टाकण्याची पाळी येणार नाही.