फुटेज बोलतं, पण साक्ष कोण देतं?

रायपूरच्या भनपुरी-उरला या कारखान्यांच्या पट्ट्यातून दुर्गच्या दिशेने निघालं की वाटेत भिलाई लागतं. तिथल्या हुडको वसाहतीत २८ सप्टेंबर १९९१ च्या पहाटे कामगारनेते शंकर गुहा नियोगी झोपेतच गोळ्यांना बळी पडले. मागे राहिली एक छोटी ध्वनिफीत. जिवाला धोका आहे आणि तो कुणाकडून, हे नियोगींनी त्यात स्वतःच्या आवाजात सांगून ठेवलं होतं.

गुन्हेगारीवरच्या माहितीपटाला आणखी काय हवं? मृताचा आवाज, त्यावर धुराड्यांची नि मोर्चांची जुनी दृश्यं. प्रेक्षक निकाल देऊन मोकळा! न्यायालयात मात्र एवढ्यावर भागत नाही. दुर्गच्या सत्र न्यायालयाने १९९७ मध्ये उद्योगपतींसह आरोपींना दोषी ठरवलं, उच्च न्यायालयाने १९९८ मध्ये सगळ्यांना सोडलं, तर सर्वोच्च न्यायालयाने २००५ मध्ये एकट्या पल्टन मल्लाहला जन्मठेप दिली. भीती कुणाची वाटत होती, हे फितीतून कळतं. कट कुणी रचला, हे वेगळं सिद्ध करावं लागतं.

मुंबईवरच्या २६/११ च्या हल्ल्याची गोष्ट याच्या उलट. सीएसएमटी स्थानकावर बंदूक घेऊन चालणाऱ्या दहशतवादी कसाबचं छायाचित्र छायाचित्रकार सेबॅस्टियन डिसूझा यांनी जीव धोक्यात घालून टिपलं आणि पुढे साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं राहून त्याची जबाबदारीही घेतली. म्हणून ते पुरावा ठरलं. जालन्याच्या खोतकर-गोरंट्याल निवडणूक वादात तर सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये बजावलं, की चित्रीकरण सरकारी कार्यालयातलं असलं, तरी त्याची प्रत दाखल करताना तेव्हाच्या पुरावा कायद्यातलं कलम ६५ ब चं, म्हणजे इलेक्ट्रॉनिक नोंदींसाठीचं, प्रमाणपत्र लागतंच. मूळ उपकरणच न्यायालयात हजर केलं तर गोष्ट वेगळी.

पडद्याला असं प्रमाणपत्र लागत नाही. तासाभराच्या चित्रणातले दहा सेकंद उचलायचे, खाली संगीत भरायचं, भलत्याच दिवसाचा मोर्चा जोडायचा. ‘संग्रहित’ ही पाटी आली तर आली, नाही तर नाही. यातलं प्रत्येक दृश्य खरं असूनही गोष्ट खोटी होऊ शकते.

तेव्हा पुढचा माहितीपट बघताना तीन प्रश्न हाताशी ठेवा: हे कुणी टिपलं, कधी टिपलं आणि आधी-नंतरचं काय कापलं? दिग्दर्शक याची उत्तरं देत नसेल, तर आपणही निकाल राखून ठेवावा.