कालव्याअलीकडची बारामती, कालव्यापलीकडची बारामती

बारामतीचा बाजार गुरुवारी भरतो. गोणपाटावर मेथी-कोथिंबिरीच्या जुड्या मांडून बसलेली बाई भाव सांगण्याआधी समोरच्या पोरीला विचारते, "कुठल्या गावची गं तू?" गावावरून आडनाव, आडनावावरून भावकी, भावकीवरून मामाचं घर. दोन मिनिटांत नातं निघतं आणि जुडीवर चार काड्या जास्तीच्या पडतात.

जुन्या बारामतीचा स्वभाव हाच. इथली नगरपालिका १८६५ सालची. कऱ्हेकाठी सिद्धेश्वराचं मंदिर आहे आणि आर्याकार मोरोपंत (१७२९-१७९४) याच गावात राहिले.

नीरा डाव्या कालव्याजवळचा तीन हत्ती चौक मागे टाकून भिगवण रस्त्याला लागलं की गाव पालटतं. १९७२ साली स्थापन झालेल्या विद्या प्रतिष्ठानची महाविद्यालयं, पुढे एमआयडीसी, त्यात पियाज्जोचा तीनचाकींचा कारखाना. परगावची, परराज्यातली पोरं इथं कॉट बेसिसवर राहतात, मेसवर जेवतात. 'तू कुणाचा?' असं इथं कुणी विचारत नाही. खेड्यातून आलेल्या मुलीसाठी ही फार मोठी सुटका आहे. ती अभ्यासिकेतून उशिरा परतली किंवा मित्रमैत्रिणींबरोबर टपरीवर चहा प्यायली, तर तिच्याआधी बातमी घरी पोचत नाही. पण तीच मुलगी तापानं फणफणली, तर दार वाजवणारंही कुणी नसतं.

पन्नासेक किलोमीटरवरचं इंदापूर अजून ओळखीवर चालतं. मालोजीराजे भोसल्यांच्या गढीचं हे गाव. बाजार रविवारी. २०११च्या जनगणनेत बारामती ५४ हजारांवर होती, तर इंदापूर २५ हजारांवर. बाजारात एकमेकांचे चेहरे अजून ठाऊक असतात.

आषाढी वारीत मात्र दोन्ही गावं एकसारखी होतात. तुकोबांची पालखी बारामतीत आणि पुढे इंदापुरात मुक्कामाला येते, तेव्हा गावच्या लोकसंख्येहून जास्त अनोळखी माणसं रस्त्यावर असतात. कुणी कुणाची जात-गोत विचारत नाही. पाणी पुढे येतं, पिठलं-भाकरी येते, पाठ टेकायला ओसरी मिळते. परक्याला परकं राहू देऊन आपलं कसं करायचं, हे या गावांना पिढ्यान्‌पिढ्या ठाऊक आहे.

भिगवण रस्त्यावरच्या पोरांसाठी तेच वर्षभर करावं लागेल. शहर वाढणारच आहे. शेजारच्या खोलीत नवं पोर राहायला आलं, तर ते कुणाचं याची चौकशी नको. 'जेवलास का?' एवढं मात्र जरूर विचारावं.