पिंपातली डॉली आणि मॉस्कोजवळचा तळ

जुलै १९०८. अमेरिकेत डी. डब्ल्यू. ग्रिफिथने दिग्दर्शित केलेला पहिलावहिला चित्रपट झळकला, 'द ॲडव्हेंचर्स ऑफ डॉली'. जेमतेम बारा मिनिटांचा. टोपल्या विकणारा एक जिप्सी डॉलीच्या आईची पर्स हिसकावू पाहतो, वडिलांचा मार खातो आणि सूड म्हणून पोरीलाच पळवतो. वडील शोधत येतात तेव्हा ती लाकडी पिंपात कोंडलेली असते. पुढे गाडी नदी ओलांडताना पिंप खाली पडतं, प्रवाहाला लागतं, धबधब्यावरून कोसळतं आणि गळ टाकून बसलेल्या मुलांपाशी येतं. आत डॉली सुखरूप! एक शब्द ऐकू येत नाही, तरी आजही जीव टांगणीला लागतो.

तो जिप्सी मात्र होता चार्ल्स इन्स्ली नावाचा नट. मूकपटाला बघताक्षणी ओळखू येईल असा खलनायक हवा असे. डोक्याला रुमाल, कानात बाळी, मागे घोडागाडी एवढ्यावर काम भागायचं. पोरं पळवणाऱ्या जिप्सींची गोष्ट तर सिनेमाहून कितीतरी जुनी, स्पॅनिश लेखक सर्व्हांतेसने ती १६१३ मध्येच छापली होती. चॅप्लिनच्या १९१६ च्या 'द व्हॅगाबाँड'मध्येही तीच आहे.

आणि आता नवल ऐका. त्याच १९०८ मध्ये रशियात निर्माता खानझोन्कोव्ह आणि कॅमेरामन सिवेरसेन मॉस्कोजवळच्या रोमा लोकांच्या, म्हणजे ज्यांना जिप्सी म्हटलं जातं त्यांच्या, खऱ्या तळावरच चित्रीकरणाला गेले. कथा भडकच: नवरा पत्त्यांच्या जुगारात बायकोला पणाला लावून हरतो. (आपल्याला द्रौपदी आठवणारच.) पण भूमिका केल्या त्या तळावरच्याच माणसांनी! कॅमेऱ्यासमोर ती बिचकली, अवघडली, हे खानझोन्कोव्हने पुढे आठवणींत नोंदवलं. मला तर तो अवघडलेपणाच मोलाचा वाटतो. सुमारे हजार वर्षांपूर्वी ज्यांचे पूर्वज भारताच्या वायव्येकडून निघाले, त्यांचे हे खरेखुरे चेहरे, खरे कपडे, खरी पालं! इन्स्लीच्या सोंगातून यातलं काहीच मिळत नाही.

त्या रशियन चित्रपटाचा थोडाच भाग आज उरला आहे. इंटरनेटवर शोधा आणि डॉलीच्या आधी तो पाहा. कथेकडे लक्ष नाही दिलंत तरी चालेल, माणसांकडे बघा.