काकूंची राधिका

वडनेरला दिवाळीला जाताना काकूंसाठी काय न्यावे, हा प्रश्न मला कधी पडत नाही. त्यांना भेटवस्तू नको असते, बोलायला माणूस हवे असते. हिंगणघाटच्या पुढे, हैदराबादच्या रस्त्यावरचे हे गाव. पडवीत कापसाचा ढीग आणि त्याला टेकून बसलेल्या आमच्या ऐंशीच्या काकू. २०१६ साली 'माझ्या नवऱ्याची बायको' ही मालिका सुरू झाली आणि तिच्यातली नागपूरची राधिका काकूंना पोटच्या लेकीसारखी झाली. टीव्हीवर एकदाचे कुणीतरी त्यांच्या बोलीत बोलत होते ना!

गेल्या दिवाळीत त्यांच्या नातवाने 'तुंबाड' लावला. भुताचा सिनेमा म्हणताच काकू उठू लागल्या. पण तेवढ्यात पडद्यावर विनायकची बायको आली.

"हे तं आपली राधिका होय!" काकू पुन्हा बसल्या.

राधिका म्हणजे अनिता दाते. नाशिकच्या, पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात नाटक शिकलेल्या. नाटकात भीती शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची असते. आवाज, हात, खांदे सारे त्यासाठी राबवावे लागतात. इथे कॅमेरा हातभर अंतरावर आणि उजेड दिव्यापुरता. शिवाय हस्तराशी झुंज नवऱ्याच्या वाट्याला. हिच्या वाट्याला घर आणि मुले. मला विचाराल, तर हे काम भुताच्या सोंगाहून अवघड!

या सिनेमाने वाट तरी किती पाहावी? दिग्दर्शक राही बर्वे हे 'हमिदाबाईची कोठी' लिहिणाऱ्या अनिल बर्व्यांचे चिरंजीव. १९९३ साली आपल्या विदर्भातल्याच नागझिऱ्याच्या जंगलात मित्राने त्यांना नारायण धारपांची एक भयकथा ऐकवली. पहिला खर्डा झाला १९९७ साली. पैसे घालणारे येत आणि मागे फिरत. अखेर सोहम शाह निर्माते झाले, नायकही झाले. २०१२ साली चित्रण सुरू झाले, पुढे बरेचसे नव्याने करावे लागले आणि सिनेमा लागला तो ऑक्टोबर २०१८ मध्ये. २०२४ साली पुन्हा लागला, तेव्हा तर लोकांनी गर्दी केली.

विनायक मोहरा घेऊन घरी परततो, तिथे मी चोरून काकूंकडे पाहिले. आमच्या घरात एक विषय कुणी काढत नाही. पडक्या गढीत मोहरांचा हंडा आहे, असे एका मांत्रिकाने काकांच्या डोक्यात भरवले होते. अमावास्येला ते कुदळ घेऊन निघत. तीन वर्षांत पाच एकर काळी जमीन गेली. मी लहान होतो. कंदील कमी करून उंबऱ्यात बसलेल्या काकू मला आठवतात.

सिनेमा संपला. नातू भुताबद्दल बोलत होता. काकू म्हणाल्या, "तुहे काका बी असेच येत पहाटे. हातात फक्त माती राहे."

काकांचे नाव त्यांच्या तोंडून मी कितीतरी वर्षांनी ऐकले. काय बोलावे ते सुचेना. मग त्याच नातवाला म्हणाल्या, "थे राधिका हाये, तेवढं पुन्हा लाव गा."